सात कोटींसमोरची फजिती

९ फेब्रुवारी १९६४ रोजी 'एड सलिव्हन शो'मध्ये बीटल्स प्रथम गायले, हे दूरचित्रवाणीच्या कोणत्याही इतिहासात सापडते. त्याच रात्री, बीटल्स दुसऱ्यांदा मंचावर येण्याच्या लगेच आधी, चार्ली ब्रिल आणि मिट्झी मॅकॉल या पती-पत्नीने एक प्रहसन सादर केले. ते मात्र तळटीपेपुरते उरले.

सलिव्हनचा कार्यक्रम (१९४८ ते १९७१) म्हणजे अमेरिकी दिवाणखान्यात शिरलेले व्हॉदव्हिल. जादूगार, कसरतपटू, गायिका, विनोदी जोडगोळ्या, सारे एका माळेत. तेथे झळकणे म्हणजे भाग्योदय, आणि थेट प्रक्षेपणामुळे चूक सुधारण्यास वाव नाही.

ब्रिल निर्माता आणि मॅकॉल त्याच्याकडे काम मागायला येणाऱ्या निरनिराळ्या स्त्रिया, असे ते प्रहसन. रंगीत तालमीनंतर सलिव्हनने दोघांना बोलावून बदल करावयास सांगितले. समोर चौदा वर्षांच्या मुली असणार, त्यांना हे झेपणार नाही, हे त्याचे कारण. हाती वेळ थोडा. दोघांनी घाईघाईने मोडतोड करून नवी जुळणी केली. सभागृहात ७२८ माणसे, पडद्यापुढे सुमारे ७ कोटी ३० लाख. आणि विनोद पडला.

सलिव्हनचे निदान अचूक होते, उपाय घातक होता, असे आम्हांस वाटते. जोडीच्या विनोदाचा प्राण शब्दांपेक्षा दोघांतील विरामांत असतो आणि विराम तासाभरात बसत नाहीत. अर्थात मूळ संहिताही तेथे तरली असती का, याची शंकाच आहे. बीटल्ससाठी किंचाळायला आलेल्या मुलींमध्ये सहृदय शोधणे हा अन्यायच. (आपल्या परीक्षांत 'प्रेक्षकाची भूमिका' हा प्रश्न नेहमी असतो, त्यास याहून बोलके उदाहरण आम्हांस सुचत नाही.)

आमची खरी अस्वस्थता वेगळी आहे. या जोडीने इतरत्र मिळवलेले हशे हवेत विरले; फसलेला प्रयोग मात्र बीटल्समुळे चित्रफितीत अखंड टिकला आणि २००३ साली डीव्हीडीवरही आला. दस्तऐवज जपला गेला तो भलत्याच कारणासाठी, आणि कलावंताचे मूल्यमापन मात्र त्यावरून होते. साहित्येतिहासातही हे घडतेच.

२००५ साली 'धिस अमेरिकन लाइफ' या नभोवाणी कार्यक्रमात दोघांनी ती कहाणी सांगितली, तीही हसवत. ब्रिलला १९६७ साली 'स्टार ट्रेक'च्या एका भागात हेराची भूमिका मिळाली होती. १९९६ साली त्याच मालिकेच्या एका वंशजात त्याने ती पुन्हा केली. 'सिल्क स्टॉकिंग्ज' या मालिकेत दोघे पती-पत्नी म्हणूनच वावरले. मॅकॉल २०२४ साली निवर्तली.