ओव्हन नसतानाही घरी भाज्यांचा फ्रिटाटा कसा करायचा?

रविवारची सकाळ. फ्रिजमध्ये अर्धी सिमला मिरची, दोन गाजरं, मूठभर पालक आणि मंगळवारपासून पडून असलेला कोबीचा तुकडा. एकाची भाजी होईल एवढं काहीच नाही आणि टाकून द्यायलाही मन होत नाही. दारातल्या ट्रेमध्ये सहा अंडी मात्र आहेत.

अंधेरी असो, बोरिवली, मुलुंड की घाटकोपर, उपनगरातल्या बहुतेक स्वयंपाकघरांत हे दृश्य नवं नाही. अशा वेळी कामाला येणारा पदार्थ म्हणजे फ्रिटाटा. कॅफेच्या मेन्यूमुळे आणि रील्समुळे हे नाव आता ओळखीचं झालं आहे. पण रेसिपी उघडली की 'ओव्हन आधी गरम करून घ्या' हे वाक्य समोर येतं आणि ज्यांच्याकडे दोन बर्नरची शेगडी आहे ते तिथेच थांबतात.

खरं तर फ्रिटाट्याला ओव्हन लागतच नाही. त्याला सांभाळावं लागतं ते भाज्यांमधलं पाणी आणि गॅसची आच. ही दोन गणितं जमली की पदार्थ जमला. तिसरी गोष्ट म्हणजे तो केल्यानंतर किती वेळात खायचा. त्याबद्दल रेसिपीत फारसं कुणी सांगत नाही, पण मुंबईच्या हवेत तेही तितकंच महत्त्वाचं आहे.

फ्रिटाटा म्हणजे नेमकं काय?

फ्रिटाटा हा इटलीतला घरगुती पदार्थ. 'तळणे' या अर्थाच्या इटालियन क्रियापदावरून त्याचं नाव आलं. शिजवलेल्या भाज्यांवर फेटलेली अंडी ओतायची आणि मंद आचेवर जाडसर वडी होईपर्यंत शिजवायची, एवढीच त्याची मूळ कल्पना. पेलेग्रिनो आर्तुझी यांच्या 1891 सालच्या प्रसिद्ध इटालियन पाककृती-पुस्तकातही फ्रिटाट्याचे प्रकार आहेत.

इटलीतल्या घरांमध्ये तो पारंपरिकरीत्या शेगडीवरच होतो. एक बाजू झाली की ताटलीवर उलटा करून दुसरी बाजू शेकतात. तिथे 'फ्रिटाटा उलटवणे' हा वाक्प्रचारही आहे. आपलीच चूक असताना बोलण्यात गोष्ट फिरवून समोरच्यावर ढकलणाऱ्याबद्दल तो वापरतात.

ऑम्लेटपेक्षा तो वेगळा कसा?

ऑम्लेट मोठ्या आचेवर दोन मिनिटांत होतं, पातळ असतं आणि गरमच खावं लागतं. फ्रिटाट्यात भाजी जास्त आणि अंडं तिला धरून ठेवण्यापुरतं असतं. तो मंद आचेवर पंधरा-वीस मिनिटं शिजतो, साधारण इंचभर जाड होतो आणि केकसारखे तुकडे कापून वाढतात. चार माणसांसाठी चार वेळा तवा तापवावा लागत नाही, हा त्याचा सगळ्यात मोठा फायदा.

मुंबईला ही कल्पना परकी नाही. पारशी घरांमध्ये 'पर ईडु' नावाचे पदार्थ होतात. भेंडी, टोमॅटो किंवा बटाट्याची भाजी पसरट भांड्यात परतायची, तिच्यावर अंडी फोडायची आणि झाकण ठेवून वाफेवर शिजवायची. अंधेरीतली साल्सेट कॉलनी असो वा जोगेश्वरीतला माल्कम बाग, तिथल्या स्वयंपाकघरांना हे तंत्र जुनं आहे. फरक इतकाच की पर ईडुत अंडी फेटत नाहीत. ओव्हनची कमतरता भरून काढणारं झाकण मात्र इथूनच घेता येतं.

पहिलं गणित : भाज्यांमधलं पाणी

फ्रिटाटा बिघडतो तो बहुतेक वेळा पाण्यामुळे. टोमॅटोत सुमारे 94 टक्के पाणी असतं. सिमला मिरची, कोबी, पालक आणि मशरूम या सगळ्यांमध्ये ते 90 टक्क्यांहून जास्त आहे. या भाज्या कच्च्याच अंड्यात घातल्या तर शिजताना त्यांचं पाणी सुटतं, अंड्याची वडी मध्येच फाटते आणि ताटलीत पाण्याचं तळं साचतं.

म्हणून भाज्या आधी पूर्ण परतून घ्यायच्या. प्रत्येकीची वागणूक वेगळी असते:

- कांदा, गाजर, फरसबी, सिमला मिरची : बारीक चिरून मध्यम आचेवर 6 ते 8 मिनिटं परता. झाकण ठेवू नका, वाफ बाहेर जाऊ द्या.
- पालक, मेथी, चवळीची पालेभाजी : परतून चाळणीत काढा आणि चमच्याने दाबून पाणी काढा.
- दुधी, काकडी, कोबी : किसून किंवा बारीक चिरून मीठ लावा, दहा मिनिटांनी घट्ट पिळा. ते पाणी फेकू नका, त्यात कणीक मळता येते. मात्र मीठ आधीच पडलेलं असल्याने पुढे बेतानं घाला.
- टोमॅटो : बिया आणि गर काढून फक्त बाहेरचा भाग घ्या.
- बटाटा : आधी उकडून घ्या. कच्च्या बटाट्याच्या फोडी अंडं शिजण्याच्या वेळात शिजत नाहीत.

परतलेली भाजी कढईत सरकवली आणि मागे पाण्याची रेघ उमटली नाही, तर ती तयार आहे असं समजायचं.

दुसरं गणित : मंद आच

अंड्यातली प्रथिनं म्हणजे गुंडाळी केलेल्या साखळ्या. उष्णता लागली की त्या उलगडतात आणि एकमेकींत गुंततात. त्यातून एक जाळी तयार होते, तिच्यात पाणी अडकतं आणि अंडं मऊसर घट्ट होतं. पांढरा भाग साधारण 62 अंश सेल्सिअसच्या आसपास, तर पिवळा बलक 65 ते 70 अंशांच्या दरम्यान घट्ट व्हायला लागतो. म्हणजे पाणी उकळण्यासाठी लागतं त्याहून बरंच कमी तापमान.

आच मोठी असेल तर ही जाळी आवळत जाते आणि आतलं पाणी पिळून बाहेर टाकते. तेच अंडं रबरासारखं लागतं आणि खाली पाणीही सुटतं. जास्त तळलेलं पनीर चिवट होतं, त्याचं कारणही जवळपास असंच आहे.

घरगुती शेगडीचा लहान बर्नर अगदी बारीक केला तरी पॅनचा मधला भाग जास्त तापतो. यावर उपाय घरातच आहे. बिर्याणीला दम देताना ठेवतात तसा पॅनखाली जाड लोखंडी तवा ठेवायचा. उष्णता पसरते आणि तळ करपत नाही.

साहित्य (चौघांसाठी, 24 सेंटिमीटरच्या पॅनमध्ये)

- 6 अंडी
- परतलेल्या भाज्या दीड वाटी (कच्च्या असताना साधारण अडीच ते तीन वाट्या)
- 1 मध्यम कांदा
- 3 मोठे चमचे दूध
- 2 चीज क्यूब किसून, किंवा पाव वाटी कुस्करलेलं पनीर
- 1 ते 2 हिरव्या मिरच्या, मूठभर कोथिंबीर
- पाऊण छोटा चमचा मीठ, अर्धा छोटा चमचा मिरपूड
- दीड मोठा चमचा तेल

चीज घातलं तर मीठ थोडं कमी करा, कारण चीज आधीच खारट असतं. दूध यापेक्षा जास्त घालू नका, वडी धरत नाही.

एका मध्यम अंड्यातून साधारण 6 ग्रॅम प्रथिनं मिळतात. चौघांत सहा अंडी म्हणजे माणशी 9 ग्रॅम, शिवाय चीज किंवा पनीरमधली वेगळी. चहा-बिस्किटावर घराबाहेर पडणाऱ्यांसाठी हा फरक छोटा नाही.

कृती : शेगडीवर

1. प्रत्येक अंडं आधी वेगळ्या वाटीत फोडा, मग मोठ्या भांड्यात घाला. एखादं खराब निघालं तर बाकीची पाच वाचतात.
2. दूध, मीठ आणि मिरपूड घालून काट्याने फेटा. पांढरा आणि पिवळा भाग एकजीव झाला की थांबा. फेस येईपर्यंत फेटलं तर फ्रिटाटा फुगतो आणि उतरवल्यावर बसतो.
3. पॅनमध्ये तेल तापवून कांदा आणि मिरची परता. मग भाज्या घालून त्यांचं पाणी आटवा. गॅस बंद करून दोन मिनिटं थांबा.
4. कोथिंबीर आणि अर्धं चीज अंड्यात मिसळा. पॅन पुन्हा मंद आचेवर ठेवून मिश्रण भाज्यांवर ओता. चमच्याने एकदाच हलकं हलवून भाज्या सारख्या पसरा.
5. दोन मिनिटांनी कडा धरायला लागल्या की पॅनखाली गरम तवा सरकवा. उरलेलं चीज वर पसरून घट्ट झाकण ठेवा.
6. दहा ते बारा मिनिटं अगदी बारीक आचेवर ठेवा. झाकणाला जमलेलं पाणी मध्ये एकदा पुसून घ्या, नाहीतर ते थेंब वडीवर पडतात.
7. वरचा भाग ओलसर दिसेनासा झाला की मध्यभागी सुरी खुपसून पाहा. ती कोरडी निघाली तर झालं. घरात स्वयंपाकाचा थर्मामीटर असेल तर मध्यभागी 71 अंश सेल्सिअस तापमान दिसायला हवं.
8. वरून सोनेरी रंग हवा असेल तर पॅनवर सपाट ताटली धरून उलटा करा आणि सरकवत परत पॅनमध्ये घ्या. दोन मिनिटं शेका. चीज वर असेल तर नॉनस्टिक पॅनच वापरा.
9. पाच मिनिटं मुरू द्या आणि मग कापा. घाईत कापला तर तुकडे मोडतात.

ओटीजी किंवा आप्पेपात्र असेल तर?

ओटीजीत 180 अंशांवर तेल लावलेल्या भांड्यात 18 ते 20 मिनिटं पुरतात. प्लास्टिकच्या मुठीचा पॅन आत ठेवू नका.

दुसरा सोपा मार्ग म्हणजे आप्पेपात्र. प्रत्येक खळग्यात थोडं तेल, चमचाभर भाजी आणि वर अंड्याचं मिश्रण घाला. झाकून मंद आचेवर चार-पाच मिनिटं, मग उलटवून दोन मिनिटं. लहान मुलांना हा प्रकार हातात धरून खाता येतो आणि उलटवताना मोडायची भीतीही राहत नाही.

डब्यात द्यावा का?

थंड झाल्यावरही चांगला लागतो म्हणून फ्रिटाटा डब्यासाठी सुचवला जातो. इथे थोडं थांबायला हवं. शिजवलेले अंड्याचे पदार्थ बाहेर दोन तासांपेक्षा जास्त ठेवू नयेत, असा अन्नसुरक्षेचा सर्वसाधारण नियम आहे. तापमान 32 अंशांच्या वर असेल तर ही मुदत एक तासावर येते. मुंबईत मार्च ते मे आणि ऑक्टोबरमध्ये दुपारचा पारा सहज तिथे जातो.

बोरिवलीहून सकाळी आठची लोकल पकडणाऱ्याचा डबा दुपारी एकला उघडतो. म्हणजे पाच तास, तेही गर्दीतल्या बॅगेत. साल्मोनेलासारख्या जिवाणूंना वाढायला हे वातावरण पोषक असतं. आधी नीट शिजवलं होतं, एवढ्यावर भागत नाही. ऑफिसात पोचल्यावर लगेच फ्रिज मिळत असेल आणि खाताना गरम करता येत असेल तरच तो न्या. नाहीतर घरी नाश्त्याला खाणं उत्तम. उरलेला फ्रिटाटा निवल्यावर लगेच बंद डब्यात फ्रिजमध्ये ठेवा आणि तीन ते चार दिवसांत संपवा.

गरोदर स्त्रिया, लहान मुलं आणि ज्येष्ठांसाठी अंडं पूर्ण घट्ट शिजवलेलंच हवं. मध्यभागी मऊ ठेवण्याची कॅफेमधली पद्धत त्यांच्यासाठी नाही.

'व्हेज फ्रिटाटा' शाकाहारी असतो का?

नावात 'व्हेज' असलं तरी त्याचा अर्थ भाज्या घातलेला, एवढाच. भारताच्या अन्न लेबलिंगच्या नियमांमध्ये अंडं मांसाहारी गटात येतं आणि पाकिटावर त्यासाठी तपकिरी खूण असते. घाटकोपर, मुलुंड किंवा बोरिवलीत अनेक घरांमध्ये अंडं चालत नाही. काही ठिकाणी भाड्याने घर घेतानाच तशी अट घातली जाते. पाहुण्यांना वाढण्यापूर्वी विचारून घेणं आणि घरात दोन्ही प्रकारचं खाणारे असतील तर पॅन व उलथनं वेगळं ठेवणं, यात अवघड काही नाही.

अंडं न खाणाऱ्यांसाठी सगळ्यात जवळचा पर्याय बेसनाचा. आपल्याकडचं टोमॅटो ऑम्लेट किंवा गुजराती घरांमधला पुडला हे त्याचेच भाऊबंद. एक वाटी बेसन, साधारण एक वाटी पाणी, दोन चमचे दही, ओवा, हळद आणि मीठ घालून गुठळ्या मोडा आणि पंधरा मिनिटं ठेवा. परतलेल्या भाज्या मिसळून तेल लावलेल्या पॅनमध्ये अर्धा इंच जाडीचा थर घाला. झाकून मंद आचेवर 12 ते 15 मिनिटं शिजवा, मग उलटवून पाच मिनिटं. जैन घरांत कांदा-बटाट्याऐवजी कोबी आणि सिमला मिरची घेता येते. चव फ्रिटाट्याची येणार नाही, पण पोट तितकंच भरतं. 100 ग्रॅम बेसनात सुमारे 22 ग्रॅम प्रथिनं असतात.

बिघडला तर कारण काय?

- पाणी सुटलं : भाज्या कमी परतल्या गेल्या किंवा आच मोठी होती.
- चिवट झाला : जास्त वेळ शिजला. सुरी कोरडी निघताच उतरवा.
- तळ करपला, वर कच्चा : खाली तवा नव्हता किंवा पॅन लहान होता. सहा अंड्यांना 24 सेंटिमीटरपेक्षा छोटा पॅन घेऊ नका.
- तुकडे मोडले : भाजी अंड्याच्या मानाने जास्त झाली. एका अंड्यामागे पाव वाटी परतलेली भाजी, हे प्रमाण लक्षात ठेवा.

हे प्रमाण एकदा हाताला बसलं की रेसिपी उघडून बघावी लागत नाही. फ्रिजमध्ये जे उरलं असेल ते चिरायचं, त्याचं पाणी आटवायचं आणि गॅस बारीक करायचा.