फुले, निळू

फुले, निळू : (सु. १९३०–१३ जुलै २००९). मराठी रंगभूमी व चित्रपटांतील श्रेष्ठ चरित्र-अभिनेते. पूर्ण नाव नीळकंठ कृष्णाजी फुले. तरुणपणी पुण्यात त्यांनी माळीकाम केले. अभिनयाची घडण राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात झाली. ‘कथा अकलेच्या कांद्याची’ या लोकनाट्याने त्यांचे नाव महाराष्ट्रभर पोहोचवले. अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’ (१९६८) मधील झेलेअण्णा या भूमिकेने त्यांच्या चित्रपट कारकिर्दीस सुरुवात झाली.

त्यानंतरच्या ग्रामीण व तमाशाप्रधान चित्रपटांत इरसाल पाटील, सरपंच, सावकार अशा भूमिका त्यांच्याकडे सतत येत राहिल्या. ‘सोंगाड्या’ (१९७१), ‘पिंजरा’ (१९७२) यांतही ते दुय्यम भूमिकांत होते. पटकथेने फारसे काही दिलेले नसतानाही तिरकी नजर, घोगरा आवाज आणि सावकाश फेकलेला शब्द एवढ्या सामग्रीवर ते प्रसंग ताब्यात घेत. आरडाओरडा त्यांनी क्वचितच केला. आपला शब्द गावात कोणी मोडणार नाही, ही त्या माणसाची खात्री ते दाखवत आणि प्रेक्षकांना धास्ती वाटे ती तिचीच.

या अनुभवाचे चीज जब्बार पटेल यांच्या ‘सामना’ (१९७५) मध्ये झाले. विजय तेंडुलकरांनी लिहिलेल्या या चित्रपटात त्यांचा साखरसम्राट हिंदूराव धोंडे पाटील रस्त्यावरच्या मद्यपी मास्तरला (श्रीराम लागू) कौतुकाने वाड्यावर आणतो आणि मारुती कांबळेच्या खुनाविषयी त्याने विचारलेल्या प्रश्नांनी हळूहळू खचत जातो. सहकारातून उभ्या राहिलेल्या सत्तेचा दरारा आणि तिचे आतले भय फुले यांच्याइतके बारकाईने मराठी पडद्यावर दुसऱ्या कोणी दाखवलेले नाही. पटेल यांच्याच ‘सिंहासन’ (१९७९) मध्ये ते नेमके उलट्या बाजूला, पत्रकार दिगू टिपणीस म्हणून, उभे आहेत. हा माणूस बहुतेक वेळ फक्त पाहतो व ऐकतो, तरी सत्तास्पर्धेचा सारा चित्रपट त्याच्या चेहऱ्यावरून वाचता येतो.

रंगभूमीवर ‘सखाराम बाइंडर’ (१९७२) मधील शीर्षकभूमिकेने त्यांना पडद्यावर सहसा न मिळालेला मध्यवर्ती पैस दिला. या नाटकावर अश्लीलतेचा आरोप झाला व वाद न्यायालयात गेला. हिंदीत ‘कुली’ (१९८३), ‘मशाल’ (१९८४) आणि ‘सारांश’ (१९८४) हे त्यांचे प्रमुख चित्रपट. पैकी ‘सारांश’मधील राजकारणी गजानन चित्रे विशेष उल्लेखनीय. संगीत नाटक अकादमीने १९९१ मध्ये त्यांना पुरस्कार दिला.

पडद्यावर गोरगरिबांना नाडणारा हा नट प्रत्यक्षात समाजवादी विचारांचा होता. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामात आणि कार्यकर्त्यांसाठीच्या सामाजिक कृतज्ञता निधीच्या उभारणीत त्यांनी लागूंसह वाटा उचलला. अन्ननलिकेच्या कर्करोगाने पुण्यात त्यांचे निधन झाले. केवळ खलनायक म्हणून त्यांना ओळखणाऱ्यांनी ‘सामना’ व ‘सिंहासन’ लागोपाठ पाहावेत.