आवाज भरून घेण्याची रीत

१९८०च्या दशकात भारतभर तबकडी मागे पडून कॅसेट घरोघर पोचत होती. फिलिप्सने १९६३ मध्ये आणलेली ही कॅसेट कोरीही मिळे, म्हणून ऐकणाराच ध्वनिमुद्रक झाला. आकाशवाणीवर आवडते गीत लागले की टू-इन-वनची लाल कळ दाबायची. कंटाळा आला की त्याच फितीवर दुसरे भरायचे.

पुढे फितीची जागा मेमरी कार्डाने घेतली. उपनगरांतल्या मोबाईलच्या दुकानांत थोड्या पैशांत गाणी ‘भरून’ मिळू लागली. क्रियापद मात्र कॅसेटच्या काळातलेच राहिले.

२००५ मध्ये यूट्यूब आले आणि कीर्तने, नाट्यपदे, व्याख्याने चित्रासह समोर आली. ज्याला फक्त ऐकायचे, त्याला चित्राचा भार नको होता. रिकार्डो गार्सिया या स्पॅनिश प्रोग्रामरने २००६ मध्ये संथ मोडेमवर व्हिडिओ पाहणे अशक्य झाल्याने ‘यूट्यूब-डीएल’ ही पायथन भाषेतली स्क्रिप्ट लिहिली. आजची तिची शाखा ‘वायटी-डीएलपी’.

युक्ती साधी आहे. बहुतेक व्हिडिओंचे चित्र आणि आवाज सर्व्हरवर वेगवेगळ्या फायलींत असतात. स्क्रिप्ट पानावरून त्यांचे पत्ते शोधते, फक्त आवाजाची फाईल उतरवते आणि हवे तर एफएफएमपेग या साधनाकडून एमपी३ करून घेते. सेकंदाला १२८ किलोबिट या दराने तासाभराच्या कीर्तनाला सुमारे ५८ एमबी लागतात. जुन्या मैफलीसाठी मूळ फाईलच ठेवणे बरे. एमपी३ करताना आवाज पुन्हा दाबला जातो आणि तानपुऱ्याचे बारकावे आणखी विरतात.

ऑक्टोबर २०२० मध्ये अमेरिकी ध्वनिमुद्रण संघटनेच्या तक्रारीवरून गिटहब या कोड ठेवण्याच्या संकेतस्थळाने यूट्यूब-डीएल हटवले. नोव्हेंबरमध्ये ते परत ठेवले. भारतात १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचे कलम ५२ खासगी वापरासाठीच्या रास्त वापराला मुभा देते. यूट्यूबच्या अटी मात्र परवानगीविना उतरवून घेण्यास मनाई करतात, आणि उतरवलेला आवाज इतरांना विकणे किंवा वाटणे हे खासगी वापरात बसत नाही.