शील-बोधी : एका नावामागचा इतिहास

गेल्या पावसाळ्यात एका नामकरण विधीची पत्रिका हाती आली. वर बुद्ध आणि बाबासाहेब, खाली आईचे नाव, बापाचे नाव आणि मधोमध बाळाचे नाव : ‘शील-बोधी’. दोन शब्द, मध्ये संयोगचिन्ह. मूल मुलगा की मुलगी, याचा पत्रिकेत कोठेही पत्ता नव्हता. ‘चि.’ नव्हते, ‘कु.’ही नव्हते. आईबाप दोघेही शिक्षक. विचारले तेव्हा म्हणाले, नाव जन्माच्या आधीच ठरले होते. मुलगा झाला तरी हेच, मुलगी झाली तरी हेच. विधीला आलेल्या एका आजीबाईंनी मात्र सरळ प्रश्न टाकला, ‘‘ते समदं खरं, पर पोरगं हाय का पोरगी?’’

सगळे हसले. पण हा प्रश्न हसण्यावारी नेण्यासारखा नाही. अशी दोन पदांची, मुलगा-मुलगी असा भेद न सांगणारी नावे आज सुशिक्षित घरांत आवडीने ठेवली जातात. पुष्कळ ठिकाणी ती नुसती हौस असते; कानाला गोड, शेजारच्या मुलाचे नसलेले, एवढेच त्यांचे प्रयोजन. आपल्या वस्तीत तेच नाव येते तेव्हा मात्र ते मोठा इतिहास ओलांडून येते.

नावाने माणसाची पायरी ठरवण्याचा कायदा मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात आहे. ब्राह्मणाचे नाव मंगलवाचक असावे, क्षत्रियाचे बलवाचक, वैश्याचे धनवाचक आणि शूद्राचे निंदाव्यंजक, असे तेथे सांगितले आहे. पुढच्याच श्लोकात शूद्राच्या नावातून सेवाभाव दिसला पाहिजे अशी पुरवणी आहे. टीकाकार कुल्लूकाने त्यासाठी ‘दीनदास’ हा नमुना दिला आहे. आपल्या सभांतून या दोन श्लोकांचा उल्लेख नेहमी होतो. त्यांच्या लगेच नंतर येणाऱ्या श्लोकाकडे मात्र आपले फारसे लक्ष गेलेले नाही. तो स्त्रियांच्या नावांचा आहे. स्त्रीचे नाव उच्चारायला सोपे, कठोर नसलेले, मन रमवणारे, शुभ आणि दीर्घ स्वरात संपणारे असावे, असा त्याचा आशय. म्हणजे शूद्राच्या नावातून त्याची चाकरी कळावी आणि स्त्रीच्या नावाने ऐकणाऱ्याला सुख व्हावे. दोघांच्याही नावांचा मालक दुसराच. २५ डिसेंबर १९२७ रोजी महाडला हा ग्रंथ जाळला गेला तेव्हा त्या ज्वाळांत हे तिन्ही श्लोक एकत्रच जळले. आपण मात्र त्यांतले दोनच लक्षात ठेवले.

अर्थात खेड्यापाड्यांतल्या आपल्या आजापणज्यांना मनूचा श्लोक कोणी वाचून दाखवला नव्हता. धोंड्या, दगड्या, कचऱ्या, भिक्या, केऱ्या ही नावे त्यांच्या आयांनीच ठेवली. का ठेवली? मुले जगत नव्हती. देवाची, सटवीची, लोकांची दृष्ट लागू नये म्हणून लेकराला दगड म्हणायचे, कचरा म्हणायचे. ही रीत केवळ महारामांगांची नव्हती, हे प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. महर्षी कर्व्यांचे नाव धोंडो होते. भिकाजी तर ब्राह्मणांतही चिकार. धोंडा दोन्ही घरी एकच. फरक पुढे पडला. एका घरातला धोंडो मोठेपणी धोंडोपंत झाला आणि दुसऱ्या घरातला म्हातारा झाला तरी पाटलाच्या पोरासाठी धोंड्याच राहिला. तेव्हा अपमान शब्दात नव्हता, प्रत्ययात होता. पंत, राव, जी हे प्रत्यय एका बाजूला. ‘या’ आणि ‘ई’ दुसऱ्या बाजूला. बापाला धोंड्या आणि आईला धोंडी म्हणणारी भाषा आपल्यातल्या कित्येकांनी लहानपणी कानांनी ऐकली आहे.

एक प्रत्यय आपलाही होता, ‘नाक’. कोरेगावच्या स्तंभावर १८१८ च्या लढाईत पडलेल्यांची जी नावे कोरली आहेत, त्यांतली २२ नावे महारांची असल्याचे अभ्यासक याच प्रत्ययावरून ओळखतात. पलटणीच्या हजेरीपटावर माणूस ‘नाक’ होता आणि गावच्या वेशीत शिरला की ‘या’ होता. गोपाळबाबा वलंगकरांसारखे पेन्शनर सैनिक चळवळीत पुढे आले त्यामागे ही तफावत सोसल्याचा अनुभव नसेल काय? पण हा मानाचा प्रत्ययही पुरुषांपुरताच. त्या हजेरीपटावर बाईला जागाच नव्हती. तिचे हाल वेगळेच. मुलगी नको असताना झाली की ‘नकोशी’, ‘नकुसा’ हे नाव ठेवून देवाला निरोप धाडायचा, आणि हे कोणत्या एका जातीत नाही. २०११ साली सातारा जिल्ह्यात अशा २८५ मुलींची नावे जाहीर समारंभात बदलण्यात आली. एकविसाव्या शतकातली ही गोष्ट आहे.

दया पवारांच्या ‘बलुतं’मध्ये (१९७८) दगडू मारुती पवार हा वेगळा माणूस बनून लेखकासमोर येऊन बसतो आणि आपली कहाणी सांगतो. शिकलेल्या, शहरात आलेल्या माणसाला आपले जुने नाव सोबत घेऊन चालणे किती अवघड जाते, हे दलित आत्मकथनाने पहिल्याच पायरीवर मांडले. नाव बदलता येते, नावाखालचा माणूस बदलायला पिढी लागते.

ही पिढी १४ ऑक्टोबर १९५६ नंतर जन्माला आली. नागपूरच्या दीक्षेनंतर पाळण्यात सिद्धार्थ, राहुल, गौतम, आनंद, सुजाता, यशोधरा, संघमित्रा आले. त्याच्या आधीच बाबासाहेबांनी कॉलेजांना दिलेली नावे घरोघर पोहोचली होती. मुंबईचे सिद्धार्थ १९४६ चे, औरंगाबादचे (२०२३ पासून छत्रपती संभाजीनगर) मिलिंद १९५० चे, आणि त्या परिसराचे नाव नागसेनवन. ज्या बापाला कॉलेजचे फाटक कधी ओलांडता आले नाही, त्याने पोराचे नाव मिलिंद ठेवले. जगात कॉलेजांना धनिकांची नावे मिळतात. येथे कॉलेजाने गरिबांच्या पोरांना नावे दिली.

आणि गंमत अशी की, ज्या मिलिंद आणि नागसेन यांची ही नावे, त्यांच्या संवादाची सुरुवातच नावाच्या प्रश्नाने होते. राजा विचारतो, आपले नाव काय? नागसेन म्हणतात, लोक मला नागसेन म्हणतात. आईबाप नागसेन ठेवतात, वीरसेन ठेवतात, सीहसेन ठेवतात, पण ते एक व्यवहाराचे नाव आहे, त्यामागे कोणी कायमचा ‘मी’ बसलेला नाही. मग रथाचा दृष्टान्त येतो : चाक म्हणजे रथ नव्हे, आस म्हणजे रथ नव्हे. जन्माने चिकटलेल्या नावातच माणसाचे सारे सत्व असते, हा वर्णव्यवस्थेचा मुख्य सिद्धान्त. नागसेनांनी तो चार वाक्यांत मोडून ठेवला आहे.

आता ‘शील-बोधी’कडे येऊ. मधल्या त्या आडव्या रेघेला शाळेतले व्याकरण संयोगचिन्ह म्हणते. आईबाप, भाऊ-बहीण, स्त्री-पुरुष हा द्वंद्व समास. त्यात दोन्ही पदांचे महत्त्व सारखे. रामदास, दीनदास हा तत्पुरुष. तेथे ‘दास’ हे पद प्रधान खरे, पण प्रधान होऊन ते सांगते काय, तर मी दुसऱ्याचा. शूद्रासाठी सुचवलेला समास तत्पुरुष होता. या मुलाच्या आईबापांनी द्वंद्व निवडला. शील बोधीचे दास नाही आणि बोधी शीलाची दासी नाही. शिक्षण असून शील नसेल तर ते शिक्षण घातक, हे बाबासाहेब विद्यार्थ्यांना वारंवार बजावीत. त्यांनी प्रज्ञा, शील, करुणा ही त्रयी पुढे ठेवली ती याच समजुतीने.

‘शील’ या शब्दाची तर निराळी कथा आहे. मराठीत पुरुषाचे शील म्हणजे त्याचे चारित्र्य, सचोटी, शब्दाला जागणे. बाईचे शील म्हणजे काय, हे वेगळे सांगायला नको. ‘शील राखणे’, ‘शीलभ्रष्ट’ हे प्रयोग बाईपुरतेच राखून ठेवलेले आहेत. आणि ज्या दलित स्त्रीची अब्रू गावाने वाटेल तेव्हा लुटली, तिला तर शील असते हेच गावाला मान्य नव्हते. पंचशीलातले तिसरे शील मात्र पुरुषालाही तितकेच बांधते. विहारात बाप्ये आणि बाया एका सुरात ते म्हणतात. मुलगा असो, मुलगी असो, त्याच एका शब्दाने हाक मारायची, यात या शब्दाची बिघडलेली तराजू सरळ करण्याचा प्रयत्न आहे. सुशील म्हटले की मुलगा, सुशीला म्हटले की मुलगी. नुसते ‘शील’ मराठीत नपुंसकलिंगी; ते कोणाचीच बाजू घेत नाही.

येथे एक अडचण मात्र उभी राहते. नाव तटस्थ ठेवता येते, वाक्य कसे ठेवणार? ‘शील-बोधी शाळेत...’ गेला की गेली? मराठी क्रियापद तुम्हाला उत्तर द्यायला लावते. पत्रिका वाचणाऱ्या बहुतेकांनी, न विचारता, मुलगाच धरला होता. पुरुषप्रधान भाषेत ज्याच्यावर खूण नाही तो पुरुष, हा अलिखित नियम आहे. जोतीरावांना तो ठाऊक असावा. ‘सार्वजनिक सत्यधर्म पुस्तका’त ते केवळ माणूस म्हणून थांबत नाहीत; पुन्हा पुन्हा स्त्री आणि पुरुष असे दोघांचेही नाव घेतात. वाचणाऱ्याला कंटाळा येईल इतक्या वेळा घेतात. ताराबाई शिंद्यांनी १८८२ साली आपल्या पुस्तकाच्या नावातच स्त्रीला आणि पुरुषाला शेजारी बसवले. भेद पुसणारे नाव आणि दोघांना उच्चारणारे नाव, या दोन वाटा वेगळ्या आहेत. माझा कल जोतीरावांच्या वाटेकडे आहे, पण त्या शिक्षक जोडप्याला मी चूक म्हणणार नाही. आपल्याच भाषेत बाळ, मूल, लेकरू हे शब्द नपुंसकलिंगी आहेत. बारशापर्यंत लेकरू रडतं, हसतं, झोपतं. नाव ठेवले की ते रडू लागतो किंवा रडू लागते. त्या आईबापांना ही फाळणी थोडी लांबवायची होती. सोमा थेरीला माराने बाईपणावरून डिवचले, तेव्हा तिने उलट विचारले होते की चित्त स्थिर झाल्यावर बाईपणाचा संबंध येतो कोठे. हे नाव तिच्या नात्यातले आहे.

लिंगाची खूण पुसली. जातीची? येथे चळवळीतल्या माणसांत दोन मते आहेत. काही म्हणतात, नावाने जात कळू नये. कॉलेजात, मुलाखतीत, भाड्याने घर शोधताना मुलाला त्रास होऊ नये. मिलिंद, राहुल, सिद्धार्थ आज सर्व जातींत आहेत, तेव्हा ती नावे सुरक्षित. पुढे आडनाव येते, हा भाग निराळा. तामिळनाडूत १९२९ च्या चेंगलपट्टू परिषदेत पेरियारांच्या स्वाभिमान चळवळीने नावांमागची जातिवाचक बिरुदे टाकण्याचा ठराव केला. आपल्याकडे तसे घडले नाही. पण ‘शील-बोधी’ लपत नाही. बोधी हा शब्द ऐकणाऱ्याला ताबडतोब कळते की हे घर जयभीमवाल्यांचे. मनूची खूण गेली, आपली आली. मनूची खूण दुसऱ्याने डागलेली होती, ही स्वतः लावलेली आहे. दोन्हींना एकच म्हणणाऱ्यांनी मराठवाड्याचा इतिहास पुन्हा वाचावा. २७ जुलै १९७८ रोजी विधिमंडळाने विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव केला आणि त्यानंतर गावोगाव आपली घरे जळाली. नांदेड जिल्ह्यात पोचीराम कांबळे मारले गेले. १९९३ मध्ये गौतम वाघमारे यांनी स्वतःला जाळून घेतले. १४ जानेवारी १९९४ रोजी मिळाले ते नामांतर नव्हे, नामविस्तार : डॉ. बाबासाहेब आंबेडकर मराठवाडा विद्यापीठ. दोन नावे शेजारी आली, पण त्यांना जोडणारा दुवा समतेचा नव्हता, तडजोडीचा होता. जोडनाव दिसले की लगेच हुरळून जाऊ नये, असे म्हणतो ते यामुळे. शिकलेल्या स्त्रिया लग्नानंतर माहेरचे आणि सासरचे आडनाव जोडून लिहितात. तसे लिहिणारा नवरा किती जणांनी पाहिला आहे? आणि नाव बदलण्याचा हा रिवाज आपल्या सर्वांत मोठ्या घरीही होता. १९४८ साली डॉ. शारदा कबीर लग्नानंतर सविता आंबेडकर झाल्या.

काही गोष्टी सरकारदरबारी उशिरा का होईना सरकल्या आहेत. १ मे २०२४ पासून महाराष्ट्रात जन्मलेल्या मुलाच्या कागदपत्रांवर त्याच्या नावानंतर आधी आईचे नाव, मग बापाचे, मग आडनाव असा क्रम आहे. नकोशीच्या राज्यात आईला मिळालेली ही जागा लहान नाही. शील-बोधीच्या दाखल्यावर ती आहे.

विधी संपला. भन्तेजींनी सुत्तपठण केले, खीर वाटली गेली. त्या आजीबाई पाळण्याशी जाऊन बसल्या. जोडनाव त्यांच्या जिभेवर बसेना. दोनदा प्रयत्न केला, मग सोडून दिला आणि ‘‘शिलू, ए शिलू’’ म्हणून दोरी ओढू लागल्या. बाळू, शिलू, रामू : मराठीतला हा ‘ऊ’ मुलालाही चालतो, मुलीलाही चालतो. बाबासाहेब रमाबाईंना रामूच म्हणत. पोरगं की पोरगी, हे आजींना तोवर कोणी सांगितले नव्हते, आणि त्यांनीही पुन्हा विचारले नाही.