अनुबोधपट आणि आमची मुले



स्मरणिकेसाठी मीही चार ओळी लिहाव्यात असा आग्रह झाला. माझे शिक्षण सातवीपर्यंतचे. पण हा विषय आयांनीच बोलायचा आहे, म्हणून हे धाडस.

चित्रपटातून लोकांना शहाणे करण्याची रीत आपल्याकडे जुनी आहे. १९४८ साली मुंबईस फिल्म्स डिव्हिजन ही सरकारी संस्था निघाली. तिचे अनुबोधपट थिएटरात मुख्य खेळाआधी दाखवीत. शेती, रोगराई, कुटुंबनियोजन असे विषय त्यांत येत. मुलांवर घरात-शेजारात होणारा अत्याचार मात्र पडद्यावर यायला फार वर्षे लागली. कारण तो आपल्या ओठांवरच येत नव्हता.

२००७ साली केंद्र सरकारने १३ राज्यांतील १२,४४७ मुलांची पाहणी प्रसिद्ध केली. शंभरांतील त्रेपन्न मुलांनी कोणत्या ना कोणत्या लैंगिक त्रासाबद्दल सांगितले. असे करणारे पुष्कळदा ओळखीचे, विश्वासातलेच होते.

पुढे १३ मे २०१२ रोजी, रविवारी सकाळी, आमिर खान यांच्या ‘सत्यमेव जयते’ कार्यक्रमाने हा विषय घरोघरी नेला. लहानपणी सोसलेली माणसे त्यात स्वतः बोलली. कायदा त्या कार्यक्रमामुळेच झाला असे नव्हे; राज्यसभेने विधेयक तीन दिवस आधीच मंजूर केले होते. २२ मे रोजी लोकसभेने मंजुरी दिली आणि १४ नोव्हेंबरपासून ‘पोक्सो’ कायदा अंमलात आला. पण कायदा कागदावर असतो. तो मनात उतरवायला असे कार्यक्रम लागतात.

नंतर चाइल्डलाइन संस्थेचा ‘कोमल’ हा सुमारे दहा मिनिटांचा बोधपट आला. तो हलत्या चित्रांचा आहे. शेजारचे गोड बोलणारे काका आणि एक हसरी मुलगी, एवढीच गोष्ट. पण लहान मूलही ती समजते. २०१४ च्या राष्ट्रीय पुरस्कारांत त्याला उत्कृष्ट शैक्षणिक चित्रपटाचा मान मिळाला.

तो पाहताना माझे डोळे भरून आले. पुष्कळ वर्षांपूर्वी आमच्या नात्यातली एक मुलगी मला म्हणाली होती, “मामी, मला त्या घरी पाठवू नका.” मी तिलाच दटावले, “मोठ्या माणसांबद्दल असे बोलू नये.” ‘कोमल’ पाहिल्यावर मी तिला जवळ घेऊन विचारले. ती काय बोलली ते येथे लिहीत नाही. एवढेच सांगते की चूक तिची नव्हती, माझी होती.

म्हणून लक्षात ठेवावे : असा प्रकार कळला तर पोलिसांना कळविणे कायद्याने प्रत्येकावर बंधनकारक आहे. मुलाचा जबाब त्याच्या घरीही घेता येतो, आणि त्या वेळी पोलीस गणवेशात नसावेत असा नियम आहे. १९९६ साली मुंबईत सुरू झालेला १०९८ हा फोन आजही आहे. २०२३ पासून ते काम सरकारने आपल्याकडे घेतले आहे.

आपल्या कळसाडीत मंडळाच्या बैठकीत ‘कोमल’ एकदा सर्वांनी मिळून पाहावा, मुलांना शेजारी बसवून. आणि मूल काही सांगू लागले की हातातली भाकरी तव्यावर करपली तरी चालेल, आधी त्याचे ऐकावे.