थोडी घरे, मोठा कारभार

नागऱ्याचे जुने शिवालय गोंदियाकरांना ठाऊक आहे. बालाघाटकडे जाणाऱ्या वाटेवर, शहराच्या अगदी जवळ ते आहे. दर्शन घेऊन मंडळी परततात. पण देवळाभोवतीच्या गावाचा कारभार कोण पाहतो, हे सहसा कोणी विचारीत नाही. आम्हीही पूर्वी विचारीत नव्हतो. आमचे शिक्षण शाळेत थोडे आणि युनियनच्या कचेरीत अधिक झाले. तेव्हा या विषयाकडे आम्ही ग्रंथांतून आलो नाही, बिडी कामगारांच्या ओसरीवरून आलो.

गिरणीचा कामगार फाटकाशी गाठता येतो. भोंगा झाला की शे-दोनशे माणसे एका जागी मिळतात. बिडी वळणारी बाई मात्र आपल्या घरी सूप मांडीवर घेऊन बसलेली असते. दहा घरे या टोल्यावर, पाच नाल्यापलीकडे. अशाच एका बाईला मुलीच्या शिष्यवृत्तीसाठी रहिवासी दाखला हवा होता. टोला गट ग्रामपंचायतीत मोडणारा. कचेरी दुसऱ्या गावी, मध्ये नाला. पावसाने नाला तीन दिवस उतरला नाही. चौथ्या दिवशी ती गेली, तो सचिव तालुक्याला गेलेले. मुदत टळली आणि त्या वर्षीची शिष्यवृत्ती बुडाली. यात कोणी लाच मागितली नाही की कोणी दुष्टपणा केला नाही. माणसे थोडी होती आणि कचेरी दूर होती, एवढेच. मग प्रश्न पडला: विरळ वस्तीचा कारभार चालावा तरी कसा?

हा प्रश्न केवळ आमचा नव्हे. कॅनडातील सस्कॅचेवान प्रांतात गव्हाची अफाट मैदाने आहेत आणि घरे मैलामैलावर. तेथे १९०९ च्या कायद्याने ग्रामीण नगरपालिका स्थापन झाल्या. साधारण अठरा मैल लांब व अठरा मैल रुंद असा एकेकीचा चौकोन. त्याचे सहा विभाग, प्रत्येकाचा एक सभासद आणि वर एक अध्यक्ष. मुख्य काम रस्त्यांचे. परंतु १९१४-१५ च्या सुमारास सार्निया नावाच्या अशा एका पालिकेपुढे निराळाच पेच आला. प्राप्ती पुरेना म्हणून तेथील डॉक्टर गाव सोडण्याच्या बेतात होता. पालिकेने त्याला वर्षाला १५०० डॉलर देऊन ठेवून घेतले. ही रीत पुढे इतर पालिकांनीही उचलली, आणि १९६२ साली त्याच प्रांताने सर्वांसाठी सरकारी वैद्यकीय विमा सुरू केला. थोड्या माणसांनी आपल्या कराचा पैसा आपल्या गरजेवर खर्च केला, त्यातून एवढी मोठी गोष्ट उभी राहिली.

आता आपल्याकडे वळू. आपल्या भागात गावाचा खरा कारभार म्हणजे पाण्याचा कारभार. पूर्व विदर्भात जुने मालगुजारी तलाव सहा हजारांहून अधिक आहेत. कोहळी समाजाने ही विद्या पिढ्यान्‌पिढ्या जोपासली. नवेगावचा बांध कोलू पाटील कोहळी यांनी बांधला असे सांगतात. पाळ, सांडवा, तुडुम, पाट आणि खाली धानाच्या बांध्या, अशी ही रचना. इंग्रजांनी १८६१ साली मध्यप्रांत निर्माण केला आणि पुढे जमाबंदीत मालगुजारांना गावाची मालकी दिली. रयतेचे सरपण, चराई व पाण्याचे निस्ताराचे हक्क वाजिब-उल-अर्जात नोंदले गेले. मालगुजार तलावाचा गाळ काढवी, पाळ दुरुस्त करवी. पण त्याच हाताने बेगारही घेई. कारभार होता, जाब विचारण्याची सोय नव्हती. १८८३ च्या कायद्याने लोकल बोर्डे आली. त्यांत मुकादमांचे व व्यापाऱ्यांचे प्रतिनिधी बसत. शेतमजुराला तेथे जागा नव्हती.

पुढे १९४८ साली द्वारकाप्रसाद मिश्र यांच्या योजनेप्रमाणे तहसील हा घटक धरून जनपद सभा आल्या. १९५१ साली मालगुजारी गेली. ती जाणे न्यायाचेच होते, याविषयी आमच्या मनात शंका नाही. परंतु तलाव सरकारजमा झाला आणि पाळीवरचा धनी गेला, त्याच्या जागी गाव बसले नाही. गाळ साचत राहिला. १ मे १९६२ रोजी जिल्हा परिषदा आल्या. लहान तलाव त्यांच्याकडे, मोठे पाटबंधारे खात्याकडे, अशी वाटणी झाली. पाळीला भगदाड पडले तर अर्ज भंडाऱ्याला, कारण १ मे १९९९ पर्यंत गोंदिया हा जिल्हाच नव्हता. मालगुजार जुलमी असला तरी गावात किंवा जवळपास सापडे. कचेरी सज्जन असली तरी सापडत नसे.

म्हणून कोणी म्हणेल, मालगुजारच बरा होता. आम्ही तसे म्हणणार नाही. जवळचा जुलूम आणि दूरचा न्याय यांतून निवड करावयाची नसून, न्याय जवळ आणावयाचा आहे. त्याची साधने आज आहेत. १९९३ साली अमलात आलेल्या त्र्याहत्तराव्या घटनादुरुस्तीने ग्रामसभेला घटनेत स्थान दिले. स्त्रियांसाठी एकतृतीयांश जागा राखल्या. महाराष्ट्राने २०११ साली त्या निम्म्या केल्या. शेजारच्या गडचिरोलीत मेंढा-लेखा या लहानशा गावाने २००९ साली आपल्या जंगलावर सामूहिक हक्क मिळविला आणि २०११ साली बांबूच्या वाहतुकीचे पास देण्याचा अधिकार हाती घेतला. तेथेही घरे थोडीच आहेत. परंतु ती एकत्र बसतात.

युनियनमध्ये आम्ही एक गोष्ट शिकलो. छाट बिड्यांच्या नावाखाली मजुरी कापली जाते तेव्हा एकटी बाई सट्टेदारापुढे गप्प राहते. पाच जणी मिळून गेल्या तर हिशेब दाखवावा लागतो. पाच म्हणजे काही फार नव्हेत. ग्रामसभेचेही तसेच आहे. टोल्यावरील दहा बाया नाला ओलांडून तिथे गेल्या आणि दाखले देण्यासाठी सचिवाने महिन्यातून दोन दिवस टोल्यावर यावे असा ठराव मांडला, तर तो इतिवृत्तात लिहावा लागतो. लिहिलेल्या ठरावाचा जाब विचारता येतो.

शहरातील श्रोत्यांना यात काय, असे वाटू नये. गोंदियाच्या गिरण्यांत भरडले जाणारे धान त्याच तलावांच्या पाण्यावर पिकते, आणि येथील बिडी त्याच ओसऱ्यांवर वळली जाते. पुढच्या वेळी नागऱ्याला दर्शनाला जाल, तेव्हा परतताना क्षणभर ग्रामपंचायतीच्या फलकापाशी थांबा. ग्रामसभा कोणत्या तारखेला आहे ते वाचा, आणि आपल्या घरी कामाला येणाऱ्या बाईला तिच्या गावची तारीख ठाऊक आहे काय, एवढे विचारा.