जोडीतून सुटलेला आवाज

अमेरिकेतील सीबीएस वाहिनीवर १ ऑगस्ट १९७१ रोजी 'द सनी अँड शेर कॉमेडी अवर' हा कार्यक्रम सुरू झाला, तेव्हा त्याच्याकडून कोणाच्या फारशा अपेक्षा नव्हत्या. उन्हाळ्यात नेहमीचे कार्यक्रम सुटीवर जात आणि ती मोकळी जागा वाहिन्या अशा तात्पुरत्या प्रयोगांनी भरून काढीत. सनी बोनो आणि शेर हे गायक दाम्पत्य तर त्या सुमारास जवळजवळ विस्मरणात गेले होते. प्रेक्षकांना मात्र हा कार्यक्रम आवडला. डिसेंबरपासून तो नियमित झाला आणि मे १९७४ पर्यंत चालला. गाणी, प्रहसने, पाहुणे कलावंत आणि नवरा-बायकोची खडाजंगी असा हा 'व्हरायटी शो'चा ठरीव साचा होता. त्यातून घरोघरी पोहोचलेल्या शेरला पुढे स्वतःचे नाव आणि स्वतःची मिळकत यांसाठी ज्या जोडीदाराशी भांडावे लागले, तो तिच्या शेजारीच उभा राहून गात होता.

शेरचे मूळ नाव शेरिलिन सार्किसियन. तिचा जन्म २० मे १९४६ रोजी कॅलिफोर्नियातील एल सेंट्रो येथे झाला. वडील आर्मेनियन वंशाचे ट्रकचालक, तर आई अभिनय आणि गायनात संधी शोधणारी. शेर १९६२ मध्ये लॉस एंजलिसमधील एका कॉफी शॉपमध्ये सनीला भेटली तेव्हा सोळा वर्षांची होती आणि तो सत्तावीस वर्षांचा. निर्माता फिल स्पेक्टर याच्याकडे तो पडेल ते काम करीत असे. त्याच्यामुळे शेरला कोरसमध्ये जागा मिळाली. 'द रॉनेट्स'चे 'बी माय बेबी' आणि 'द राइटियस ब्रदर्स'चे 'यू हॅव लॉस्ट दॅट लव्हिन फीलिन' या गाजलेल्या गाण्यांच्या पार्श्वभूमीला तिचा आवाज आहे. हा आवाज खर्जाकडे झुकणारा, रुंद आणि किंचित अनुनासिक. १९६४ मध्ये 'बॉनी जो मेसन' या टोपणनावाने तिची पहिली तबकडी निघाली. आवाज पुरुषाचा वाटतो म्हणून काही रेडिओ केंद्रांनी ती वाजवली नाही, असे सांगितले जाते.

१९६५ मध्ये सनीने लिहिलेले 'आय गॉट यू बेब' हे युगुलगीत अमेरिका आणि ब्रिटन अशा दोन्ही देशांत पहिल्या क्रमांकावर गेले. पण दशक संपता संपता रॉक संगीताचा बाज बदलला आणि ही जोडी तरुणांना जुनाट वाटू लागली. सनीने शेरला घेऊन काढलेला 'चॅस्टिटी' (१९६९) हा चित्रपट आपटला, कर्ज आणि कराची थकबाकी वाढली. नाइलाजाने दोघे नाइटक्लबमध्ये कार्यक्रम करू लागले. तेथील बेफिकीर प्रेक्षक टोमणे मारीत. शेरने एकदा तसेच सणसणीत उत्तर दिले आणि लोक हसले. मग ती सनीचीच फिरकी घेऊ लागली. त्याची उंची, त्याचे गाणे, त्याची मिशी, काहीच सुटेना. दूरचित्रवाणीवर गाजलेली जुगलबंदी अशी गरजेपोटी जन्माला आली होती.

पडद्यावर शेर वरचढ आणि सनी बावळट असे चित्र दिसे. प्रत्यक्षात सगळी सूत्रे सनीच्या हातात होती. बॉब मॅकी याने शिवलेले झगमगते, धीट पोशाख घालून शेर दर आठवड्याला प्रेक्षकांपुढे येई, आणि त्या बळावर तिच्या एकल गाण्यांनाही उठाव मिळाला. 'जिप्सीज, ट्रॅम्प्स अँड थीव्ज' (१९७१), 'हाफ-ब्रीड' (१९७३) आणि 'डार्क लेडी' (१९७४) ही तिन्ही गाणी अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर पोहोचली. ('हाफ-ब्रीड' सादर करताना तिने डोक्यावर घातलेला पिसांचा मुकुट मूळ अमेरिकी समाजांच्या दृष्टीने आज आक्षेपार्ह मानला जातो, आणि ते योग्यच आहे.) या गाण्यांचा निर्माता स्नफ गॅरेट होता, सनी नव्हे. गॅरेटने आणलेले 'द नाइट द लाइट्स वेंट आउट इन जॉर्जिया' हे गाणे मात्र सनीने परस्पर नाकारले. दक्षिणेकडील श्रोते दुखावतील, अशी त्याला भीती वाटत होती. ते गाणे विकी लॉरेन्सने गायले आणि १९७३ मध्ये ते पहिल्या क्रमांकावर गेले. लॉरेन्सही 'द कॅरोल बर्नेट शो' या दुसऱ्या व्हरायटी शोमधली कलाकार, हा योगायोग गमतीचा.

शेरला खरा धक्का बसला तो कागदपत्रे पाहिल्यावर. तिचे सर्व व्यवहार 'शेर एंटरप्रायझेस' या कंपनीमार्फत चालत. तिच्याच नावाच्या या कंपनीत सनीचा वाटा ९५ टक्के आणि त्यांच्या वकिलाचा ५ टक्के होता. शेरचा शून्य. कायद्याच्या भाषेत ती पगारी नोकर होती. हे तिच्या लक्षात आणून दिले ते ध्वनिमुद्रण व्यवसायातील डेव्हिड गेफेन याने. १९७४ मध्ये प्रकरण न्यायालयात गेले तेव्हा तिने आपल्या अर्जात सक्तीच्या दास्याचा उल्लेख केला होता. १९७५ मध्ये घटस्फोट झाला.

याच काळात दोघांनी स्वतंत्र कार्यक्रम करून पाहिले. सनीचा एबीसीवरील कार्यक्रम काही आठवड्यांतच बंद पडला. शेरचा 'शेर' फेब्रुवारी १९७५ मध्ये चांगला सुरू झाला, पण टोमणे मारायला समोर कोणी नसल्याने त्यातील विनोद लंगडा पडे आणि वर्षभरात तोही आटोपला. मग १९७६ मध्ये घटस्फोटित दाम्पत्य पुन्हा एकाच मंचावर आले. त्या वेळी शेर दुसऱ्या पतीपासून, गायक ग्रेग ऑलमन याच्यापासून, गरोदर होती. १९७७ मध्ये हा प्रयोगही थांबला. जोडी हवी होती, पण तिच्यातला संसार संपला आहे हे प्रेक्षकांना विसरता येत नव्हते.

पुढची काही वर्षे डिस्को आणि लास व्हेगासच्या रंगमंचावर गेली. चकाकी होती, प्रतिष्ठा नव्हती. ती मिळाली अभिनयातून. रॉबर्ट ऑल्टमनने १९८२ मध्ये तिला ब्रॉडवेवर संधी दिली. त्यापाठोपाठ 'सिल्कवूड' (१९८३) साठी ऑस्कर नामांकन, 'मास्क' (१९८५) साठी कान महोत्सवात अभिनेत्रीचा पुरस्कार विभागून आणि 'मूनस्ट्रक' (१९८७) साठी सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचे ऑस्कर तिला मिळाले. 'मूनस्ट्रक' प्रदर्शित होण्याच्या सुमारास, नोव्हेंबर १९८७ मध्ये, डेव्हिड लेटरमनच्या कार्यक्रमात तिने सनीसह पुन्हा एकदा 'आय गॉट यू बेब' गायले. दोघांचे ते अखेरचे एकत्र गायन ठरले. सनी पुढे राजकारणात गेला, पाम स्प्रिंग्जचा महापौर आणि नंतर काँग्रेसचा सदस्य झाला. ५ जानेवारी १९९८ रोजी स्कीइंग करताना झालेल्या अपघातात त्याचा मृत्यू झाला. त्याच्या अंत्यविधीत शेरने रडत रडत भाषण केले.

त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये 'बिलीव्ह' आले. मार्क टेलर आणि ब्रायन रॉलिंग या निर्मात्यांनी त्यात 'ऑटो-ट्यून' हे सॉफ्टवेअर भलत्याच पद्धतीने वापरले होते. सुरातून किंचित घसरलेला आवाज गुपचूप जागेवर आणणे, हे या सॉफ्टवेअरचे काम. त्यांनी त्याचा वेग कमाल केला. त्यामुळे स्वरांमधली मींड नाहीशी होऊन आवाज पायऱ्या चढल्यासारखा एका स्वरावरून दुसऱ्यावर उडी मारू लागला. रेकॉर्ड कंपनीला हा प्रकार काढून टाकायचा होता, शेरने ठाम नकार दिला. एकेकाळी नाकारला गेलेला आवाज यंत्रातून मुद्दाम विचित्र करून घेण्याचा हा निर्णय तिचा होता. ब्रिटनमध्ये गाणे सात आठवडे पहिल्या क्रमांकावर राहिले, अमेरिकेत मार्च १९९९ मध्ये ते शिखरावर पोहोचले. तेव्हा शेर ५२ वर्षांची होती. गाण्यातील काही ओळी तिच्या असूनही गीतकारांच्या यादीत तिचे नाव नाही. हिशेबाच्या बाबतीत ती तेव्हाही पुरेशी सावध झाली नव्हती, असे म्हणावे लागते.

जोडीचा हिशेब तर त्याहूनही लांबला. घटस्फोटानंतर १९७८ मध्ये झालेल्या करारानुसार एकत्र काळातील गाण्यांच्या स्वामित्वधनाचा निम्मा वाटा शेरला मिळत असे. सनीची विधवा पत्नी मेरी बोनो हिने कॉपीराइट कायद्यातील हस्तांतरण रद्द करण्याच्या तरतुदीचा आधार घेऊन हा वाटा थांबवण्याचे ठरवले, तेव्हा शेरने ऑक्टोबर २०२१ मध्ये दावा दाखल केला. योगायोग असा की, अमेरिकेत कॉपीराइटची मुदत वीस वर्षांनी वाढवणाऱ्या १९९८ च्या कायद्याला सनी बोनोचेच नाव आहे. लॉस एंजलिसमधील संघराज्य जिल्हा न्यायालयाने मे २०२४ मध्ये शेरच्या बाजूने निकाल दिला.

त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये क्लीव्हलँड येथे तिचा 'रॉक अँड रोल हॉल ऑफ फेम'मध्ये समावेश झाला आणि नोव्हेंबरमध्ये आत्मचरित्राचा पहिला भाग प्रसिद्ध झाला. हॉल ऑफ फेममधील नोंद केवळ 'शेर' या नावाने आहे, आडनावाशिवाय आणि जोडीदाराशिवाय.